आमची वाटचाल : ५२ मिलिमीटरचा हिशोब

आमची संस्था छायाचित्रणातून उभी राहिली. लेखन आणि दिग्दर्शन त्याच कामातून आले. मधल्या सुरळीत वर्षांचे काय सांगायचे? सांगायचे आहे ते पहिल्या स्वतंत्र चित्रपटाबद्दल. त्याने आम्हाला जवळजवळ बुडवले.

३५ मिमी निगेटिव्ह, १००० फुटांचा डबा सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने ११ मिनिटांत संपणारा. लॅबमधून रशेस, म्हणजे शूट केलेल्या फिल्मच्या पहिल्या प्रिंट, आल्या तेव्हा क्लोजअप शार्प होते, पण १८ मिमी लेन्सवरचे सगळे वाइड, म्हणजे मोठा परिसर दाखवणारे शॉट, सॉफ्ट, म्हणजे किंचित धूसर. कॅमेरा भाड्याने देणाऱ्यांनी खापर आमच्या फोकस पुलरवर, म्हणजे टेपने अंतर मोजून लेन्सचा फोकस लावणाऱ्यावर, फोडले, म्हणे टेप चुकली. हा गडी पहिल्या दिवसापासून आमच्यासोबत आहे. त्याची टेप चुकत नाही.

कोलिमेटरवर, म्हणजे लेन्स-कॅमेऱ्याचा फोकस तपासणाऱ्या यंत्रावर, दोष निघाला. पीएल माउंटपासून, म्हणजे कॅमेऱ्यावर लेन्स बसते त्या कड्यापासून, फिल्मपर्यंत ५२.०० मिमी हवेत, भरले ५२.०५. माउंटखाली जादा शिम, म्हणजे अंतर जुळवणारी पातळ चकती, होती. एवढ्याने १८ मिमीवर ३ मीटरची खूण लावली की फोकस २ मीटरवर पडतो आणि इन्फिनिटी गाठताच येत नाही. ७५ मिमीच्या लांब लेन्सवर हीच चूक जेमतेम ८ सेंटीमीटरची. ती व्ह्यूफाइंडरमध्ये दिसते आणि तिथल्या तिथे सावरता येते. वाइडला व्ह्यूफाइंडरमध्ये सगळेच शार्प भासते, म्हणून कोणालाच कळले नाही. निर्मात्याने शेवटचा हप्ता अडवला. भाडेवाल्यांनी रीशूटच्या दिवसांचेही भाडे लावले. ते अजून खुपते.

म्हणून सांगतो, कॅमेरा ताब्यात घेण्याआधी प्रत्येक वाइड लेन्स पूर्ण उघड्या अ‍ॅपर्चरला चार्टवर तपासा. टेपचे अंतर आणि डोळ्याने लावलेला फोकस जुळलाच पाहिजे. झूम असेल तर टेली टोकाला, म्हणजे चित्र सर्वात जवळ आणून, फोकस लावून वाइडला या. चित्र सॉफ्ट झाले तर बॅक फोकस, म्हणजे लेन्स आणि फिल्ममधले अंतर, बिघडला आहे. शिम स्वतः हलवू नका, कॅमेरा परत करा.

ही मोजायची सवय पटकथेतही उतरली. ‘संध्याकाळ, बाहेर’ लिहायला एक ओळ लागते, पण वापरण्याजोगा संधिप्रकाश वीसेक मिनिटेच टिकतो. तेवढ्यात दोन पानी संवाद बसत नाही. आम्ही अशा प्रसंगात बाहेर फक्त येणे-जाणे ठेवतो आणि बोलणे आत, दिव्याखाली नेतो.

आणि स्वतः दिग्दर्शन करत असाल तर लांब, भावनेच्या टेकला कॅमेरा ऑपरेटरकडे द्या. व्ह्यूफाइंडरमधला डोळा फ्रेमच्या कडा सांभाळत राहतो. तेवढ्यात आत घुसलेला बूम, म्हणजे काठीवरचा माइक, दिसतो, नटाचा अडखळलेला श्वास निसटतो.