आदेश साखरेचा, ताण सांडपाण्यावर

पेट्रोलमधे मिसळायच्या इथेनॉलचा विषय निघाला की लोक आधी मायलेजचं विचारतात, आणि प्रश्न रास्तच आहे, पेट्रोलपेक्षा इथेनॉलमधे साधारण एक तृतीयांश ऊर्जा कमी असते. पण मी एका साखर कारखान्याच्या डिस्टिलरीत लॅब आणि सांडपाणी बघतो, त्यामुळे माझ्या डोळ्यासमोर येतो तो स्पेंट वॉश. मळीपासून एक लिटर अल्कोहोल काढलं की मागे त्याच्या कितीतरी पट काळपट तपकिरी, आंबट वासाचं पाणी उरतं आणि त्याचा सीओडी, म्हणजे त्यातली घाण रसायनाने जिरवायला लागणारा ऑक्सिजन, लिटरला एक लाख मिलिग्रॅमच्या वर सहज जातो. ते थेंबभरही बाहेर सोडायचं नाही हा नियम, म्हणून आम्ही ते इव्हॅपोरेटरवर आटवतो आणि बॉयलरमधे जाळतो.

७ डिसेंबर २०२३ ला केंद्राचा आदेश आला. त्या वर्षीचा ऑगस्ट हा १९०१ पासूनचा सगळ्यात कोरडा ऑगस्ट होता, ऊस कमी येणार, साखर कमी पडणार ही धास्ती होती, म्हणून उसाचा रस आणि सिरप यापासून इथेनॉल करायचं ताबडतोब बंद, बी हेवी मळीपासूनचा (म्हणजे सगळी साखर न काढता ठेवलेल्या मळीपासूनचा) आधी ठरलेला पुरवठा तेवढा चालू. साखर महागू नये हा हेतू मला पटतो, लोकांच्या घरातली गोष्ट आहे. पण "ताबडतोब" हा शब्द ज्यांनी लिहिला त्यांनी चालू डिस्टिलरी आतून कधी बघितली असेल असं मला वाटत नाही.

आमचं गाळप जोरात होतं, फर्मेंटर सिरपवर चालू. डिस्टिलरी इन्चार्ज फोनवर म्हणाले, सिरप साखरेच्या पॅनकडे वळवतोय, उद्यापासून बी हेवी घे, टाकीत आहे. सिरपचा स्पेंट वॉश मानाने हलका असतो, मळीचा जड, त्यात क्षार भरपूर, पोटॅश तर विचारूच नका, इव्हॅपोरेटरच्या नळ्यांवर थर धरतो आणि बॉयलरच्या ट्यूबवर राख चिकटते. नेमका तेव्हाच इव्हॅपोरेटर साफ करायला काढायचा होता.

नवीन फीडचा पहिला स्पेंट वॉश लॅबमधे आला. सीओडीच्या ट्यूबमधे डायक्रोमेटचं पिवळं-नारिंगी द्रावण असतं, नेहमीइतकंच सॅम्पल पातळ करून घातलं आणि तापवायला ठेवायच्या आतच ट्यूब हिरवी झाली, म्हणजे ऑक्सिडंट सगळा खलास, रीडिंगच येणार नाही. अजून पातळ केलं, पुन्हा हिरवी, मग आणखी पातळ करून दोन तास १५० डिग्रीला ठेवलं तेव्हा कुठे आकडा मिळाला. तो बघून मी सरळ बाहेर गेलो आणि साठवण टाकीची पातळी बघितली. इव्हॅपोरेटरचा फ्लो उतरत होता, टाकी चढत होती.

अशा वेळी कारखान्यात एक सल्ला कुणीतरी देतंच, की जुन्या कंपोस्ट यार्डवर टँकरने थोडं जास्त मारा, प्रेसमड, म्हणजे रस गाळून उरलेली मळ, पितो सगळं. प्रेसमड ठराविकच पितो, पुढचं खाली झिरपतं आणि यार्डाच्या खालच्या अंगाला शेतं आहेत. मी नाही म्हणालो आणि लॉगबुकात कारणासकट लिहून ठेवलं. तरी रात्री टँकर यार्डाकडे गेलेच असावेत, कारण सकाळी खालच्या वस्तीवरचे एक वयस्कर शेतकरी विहिरीच्या पाण्याची बाटली घेऊन लॅबच्या दारात उभे.

"साहेब, रात्रभर टँकर फिरत होते. हे बघून द्या."

"बसा तात्या, तुमच्यासमोरच लावतो."

ते आमचे सभासदच, त्यांचाही ऊस इथेच येतो. इथेनॉलचे पैसे तेल कंपन्यांकडून साखरेपेक्षा लवकर हातात येतात आणि उसाचं बिल त्यातून सुटतं हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळतं, म्हणून ते डिस्टिलरी बंद करा असं एकदाही म्हणाले नाहीत. पाण्याला रंग नव्हता, वास नव्हता, सीओडी अगदी कमी, क्षार मात्र मागच्या नोंदीपेक्षा जरासे वर. मी दोन्ही आकडे त्यांना शेजारी शेजारी दाखवले. ते म्हणाले, "म्हणजे आज चांगलं आहे. मग असंच ठेवा."

तोच कागद घेऊन मी वर्क्स मॅनेजरांकडे गेलो, बरीच वादावादी झाली, शेवटी फर्मेंटरचं फीड कमी करायचं ठरलं, इव्हॅपोरेटर धुवायला काढला आणि टँकरच्या गेटपासवर माझी सही लागेल असं झालं. उत्पादन पडलं, त्याबद्दल बोलणीही खाल्ली. आणि आठवडाभरातच, १५ डिसेंबरला, केंद्राने आदेश सैल केला, इथेनॉलकडे १७ लाख टनांपर्यंतच साखर वळवायची या मर्यादेत रस आणि बी हेवी दोन्हीला परवानगी. पुन्हा फीड बदल, पुन्हा सगळी सेटिंग. पुढे ऑगस्ट २०२४ मधे ती मर्यादाही काढली.

मी इथेनॉलच्या विरोधात नाही. तेलाची आयात कमी व्हावी, गाड्यांच्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड कमी व्हावा, उसाला पैसे मिळावेत, हे सगळं मलाही हवंय. २०१८ च्या जैवइंधन धोरणात २० टक्के मिश्रणासाठी २०३० साल होतं, २०२२ मधे ते २०२५-२६ वर आणलं, आणि साखर कारखान्यांनी व धान्याच्या डिस्टिलऱ्यांनी मिळून ते करून दाखवलं. पण मोजमाप होतं ते फक्त मिश्रणाच्या टक्क्याचं. नीती आयोगाच्या २०२१ च्या अहवालातच लिहिलंय की उसापासूनच्या एक लिटर इथेनॉलमागे सुमारे २,८६० लिटर पाणी जातं. मग मक्यावर वळलो तर देशात मका पुरला नाही, तो आयात करायची वेळ आली. स्पेंट वॉशचा हिशोब तर पुरवठ्याच्या आदेशात कुठेच येत नाही.

कच्चा माल बदलायचा आदेश काढताना सांडपाण्याची यंत्रणा जुळवायला मुदत द्या, आणि त्या काळात प्रदूषण मंडळाचा माणूस साठवण टाकीची पातळी रोज बघेल असं त्याच आदेशात लिहा. असं लेखी असतं तर तात्यांना बाटली घेऊन यायला लागलं नसतं आणि मला गेटपासच्या सहीसाठी भांडावं लागलं नसतं.