हवेत थांबलेला माणूस

काल रात्री यूट्यूबवर एक जुना जर्मन गेम शो बघत होतो. प्रेक्षक 'श्पिट्झऽ!' (म्हणजे 'भारीच!') असं ओरडतात, सूट-टायमधला निवेदक टुणकन उडी मारतो आणि चित्र तिथेच गोठतं. माणूस अधांतरी, चेहऱ्यावर पोरकट आनंद. (एरवी हे असले निवेदक माझ्या डोक्यात जातात.)

हान्स रोझेनथाल. कार्यक्रम 'दाली दाली', झेडडीएफ वाहिनी, १९७१ ते १९८६.

मग त्याच्याबद्दल वाचलं आणि झोपच उडाली. हा बर्लिनचा ज्यू. धाकट्या भावाला नाझींनी मारलं. हा १९४३ पासून रशियन फौज येईपर्यंत बर्लिनमधल्याच छोट्या छोट्या बागांच्या एका वसाहतीतल्या झोपडीत लपून राहिला. तिथल्या काही बायकांनी जिवावर उदार होऊन आपल्या तुटपुंज्या रेशनमधून त्याला जगवलं.

१९७८ मध्ये कार्यक्रमाची तारीख आली ९ नोव्हेंबर. १९३८ साली त्याच रात्री नाझींनी सिनेगॉग (ज्यूंची प्रार्थनास्थळं) जाळले होते, ज्यूंची दुकानं फोडली होती. त्याने तारीख बदलून मागितली. वाहिनीने नकार दिला. गडी गडद सूट घालून आला आणि कार्यक्रम केला.

टीव्हीसमोर टाळ्या पिटणाऱ्यांत तेव्हाचे काचा फोडणारेही असणारच की. त्याच्या मनात हे येत नसेल?