सोलापुरी चादरीवरचा मोर कुणी काढला?

पुण्यात कितीतरी दिवस काहीच सुचत नव्हतं, कागद समोर घेऊन नुसतं बसायचं, म्हणून एकदाची संध्याकाळची हुतात्मा एक्स्प्रेस पकडली आणि सोलापूर गाठलं. बंद गिरण्यांची चित्रं काढायची असं डोक्यात होतं. १८७७ ची जुनी मिल, लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी, अख्खं गाव ज्यांच्या भोंग्यावर चालायचं त्या सगळ्या बंद. स्केचेस झाली, सिद्धेश्वरचं तळं झालं, कडक भाकरी आणि शेंगाचटणी तर रोजच, पण ऊन भयंकर आणि चित्रात जीव येईना.

मग पूर्व भागात गेले. तिकडे पद्मशाली विणकरांची वस्ती, गल्लीत शिरलं की मागांचा खडखडाट, शेजारचा काय बोलतो तेही कळत नाही. एका कारखान्यात मागच्या खोलीत एक आजोबा ग्राफ पेपरवर लाल पेन्सिलीने घरं भरत बसले होते. चादरीचं डिझाईन! एकेक घर म्हणजे ताण्याचा नि बाण्याचा, उभ्या-आडव्या धाग्यांचा हिशोब, त्यावरून पुठ्ठ्याच्या कार्डांना भोकं पाडायची, ती कार्डं मागावरच्या जकार्ड यंत्रावर चढवायची, भोक असेल तिथला धागा उचलला जातो, नसेल तिथला खालीच राहतो. मोराची मान चालली होती. ते थांबले, चष्मा वर केला, एक घर खोडलं, शेजारचं भरलं, आणि मान अशी वळली की मी बघतच राहिले. फक्त एका घराने!

"एक घर चुकलं की मान मोडती बघा ताई," तेलुगू वळणाच्या मराठीत म्हणाले. आता बहुतेक काम कंप्युटरवर होतं, त्यांच्याकडे क्वचितच येतं.

मी विचारलं, काका, यावर तुमचं नाव कुठे असतं? ते हसले. चादरीच्या काठाला कारखान्याचं नाव विणलेलं असतं की, त्यांचं कशाला?

मला फार लागलं ते. सोलापुरी चादरीला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालंय, आणि घराघरांत जी चित्रं अंगावर घेऊन माणसं झोपली ती काढणाऱ्याचं नाव कुठेच नाही. आणि आम्ही चित्रकार या गावात येतो ते पडक्या भिंतींचे फोटो काढायला.

उरलेला मुक्काम मी त्याच खोलीत काढला, गिरण्यांकडे फिरकलेसुद्धा नाही. आता मी घरं भरायला शिकतेय, पहिलं फूल अजून वाकडंच येतंय. तुमच्या घरी जुनी सोलापुरी चादर असेल तर डिझाईनचा नीट फोटो काढून ठेवा, दोन्ही बाजूंनी. आणि असं ग्राफचं काम करणारं कुणी ओळखीत असेल तर मला कळवा, मला त्यांची नावं लिहून ठेवायची आहेत.