ते मंडळ कुठं भरते जी?

तुम्ही विचारलंत म्हणून एकदाचं लिहूनच टाकते.

माझ्या कथांमध्ये एक मंडळ येतं. नागपूरच्या महाल भागातल्या एका जुन्या वाड्याच्या गच्चीवर उन्हाळ्यात ही माणसं एकत्र झोपतात, पहाटे उठून एकमेकांना स्वप्नं सांगतात आणि मग तर्रीपोहे खात खात वाड्याचे, गल्लीचे निर्णय घेतात. कुणाच्या लग्नात, बँकेच्या रांगेत, कुठंही वाचक भेटला की आधी हेच विचारतो, ‘मॅडम, ते मंडळ कुठं भरते जी?’ पाठोपाठ दुसरा प्रश्न, थोडा नाराजीचा : ‘पण त्या सगळ्यांले एकच सपन काहून नाही पडत?’

पहिल्याचं उत्तर सोपं आहे. कुठंच भरत नाही. वाडा माझ्या डोक्यातला, माणसंही तिथलीच. गच्ची तेवढी खरी. मे महिन्यात पारा 45 अंशांच्या पुढे गेला आणि वीज गेली की कुलरही गप्प. मग सगळं नागपूर गच्चीवर. संध्याकाळी बादल्या ओतून फरशी निववायची, रात्री गाद्या टाकायच्या. शेजारच्या गच्चीवरचं घोरणं ऐकू यायचं, झोपेतलं बरळणंसुद्धा. आता घरोघरी एसी आले, ते सगळं संपत आलं.

‘नाही’ मी इतकं ठासून सांगते, कारण अशी मंडळं खरी मानली जायला वेळ लागत नाही. मलायाच्या, म्हणजे आताच्या मलेशियाच्या, जंगलातल्या सेनोई लोकांचं हेच झालं. किल्टन स्टुअर्ट नावाचा अमेरिकन 1930च्या दशकात तिथं गेला होता. पुढे त्यानं लिहिलं, की हे लोक रोज सकाळी न्याहारीला मुलांची स्वप्नं ऐकतात, त्यांना स्वप्नातल्या वाघाशी लढायला शिकवतात आणि म्हणून त्यांच्यात भांडणतंटे नाहीत. 1960-70च्या दशकांत अमेरिकेत या पद्धतीची स्वप्नमंडळं निघाली. नंतर सेनोईंमध्ये राहून आलेल्या मानववंशशास्त्रज्ञांना तसली न्याहारी कुठंच सापडली नाही. सेनोई स्वप्नांना मानतात हे खरं, पण ती शाळा बरीचशी स्टुअर्टच्याच डोक्यातली. वाईट एवढंच वाटतं, की त्यानं ती कथा म्हणून लिहिली असती तर फार चांगली कथा झाली असती.

आता दुसरा प्रश्न. एकच स्वप्न काहून नाही?

उषा-अनिरुद्धाची गोष्ट तुम्हाला माहीत असेल, भागवतातली. बाणासुराच्या मुलीला स्वप्नात एक तरुण भेटतो. जाग आल्यावर ना नाव ठाऊक ना गाव. तिची मैत्रीण चित्रलेखा देवांची, गंधर्वांची, माणसांची चित्रं काढत जाते आणि कृष्णाच्या नातवाच्या चित्रापाशी उषा लाजून थांबते. मग चित्रलेखा त्याला द्वारकेहून झोपेतच उचलून आणते. सगळे उषेचं कौतुक करतात. मला ती दुसरी आवडते. तिला स्वतःला स्वप्न पडलेलंच नाही. ती विचारते, काढते, पुसते, पुन्हा काढते. माझ्या मंडळात म्हणूनच ऐकणाऱ्याचा मान सांगणाऱ्यापेक्षा मोठा आहे, आणि दोघांची स्वप्नं जुळली की त्यांना शाबासकी मिळत नाही. कुणी कुणाचं आधी ऐकलं याची चौकशी होते.

प्रयोगशाळांनीही हा नाद केलेला आहे. ब्रुकलिनच्या मायमोनिडीस रुग्णालयात 1960च्या दशकात एक माणूस एका खोलीत चित्राकडे बघत बसायचा आणि दुसऱ्या खोलीत झोपलेल्याला उठवून स्वप्न विचारायचे. चित्र स्वप्नात उतरतं असा त्यांचा दावा होता; इतरांनी करून पाहिलं तेव्हा तो टिकला नाही. टिकलं ते वेगळंच. 2021 साली चार देशांतल्या संशोधकांनी एक निबंध छापला. स्वप्नात असताना ‘हे स्वप्न आहे’ हे ज्यांना कळतं अशा झोपलेल्या लोकांना त्यांनी साधी गणितं घातली. आठातून सहा गेले किती? झोपलेल्यानं बंद पापण्यांआड डोळे दोनदा डावी-उजवीकडे फिरवले. बरोबर उत्तरं आली ती पाचातल्या एका वेळेपेक्षाही कमी, बहुतेकदा तर उत्तरच नाही. तरी मला हे पहिल्यापेक्षा कितीतरी अद्भुत वाटतं. पलीकडचा माणूस विचारतो आणि झोपेतला ऐकतो, एवढं पुरे आहे मला.

सामायिक विचाराचं म्हणाल, तर त्यासाठी मला वाड्यातही जायला नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, महालात, इतवारीत उभे राहा. काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे पीडा घेऊन जाणाऱ्या बायांचे मोठे पुतळे, मिरवणुकीनं निघतात, मागे बडगे, म्हणजे पुरुषांचे पुतळे, त्यांवर त्या वर्षीचा राग : महागाई, भ्रष्टाचार, कुणी पुढारी. ‘घेऊन जाय गे मारबत’ असं हजारो लोक एकदम ओरडतात. प्रत्येकाच्या मनातली पीडा वेगळी, ओरडणं एक. माझ्या मंडळाचा एक नियम तिथूनच उचललेला आहे : वर्षभरात जे स्वप्न कुणालाच ऐकवत नाही ते कागदावर लिहून मारबतीसोबत धाडायचं. ते कागद कुणी वाचत नाही.

राहता राहिला तो म्हातारा सभासद, ज्याच्यावरून तुमच्यातले काही जण माझ्याशी भांडून राहिले आहेत. त्याला स्वप्न पडतच नाही. रोज पहाटे तो रचून सांगतो. मंडळाला हे ठाऊक आहे, आणि त्याचंच स्वप्न सगळे शेवटी, चहा येईपर्यंत राखून ठेवतात. त्याला काढून टाकावं की नाही यावर मंडळाची बैठक पुढच्या कथेत आहे. माझं मत विचाराल तर, राहू द्या त्याला. पण मंडळात मला मत नाही, आणि खजिनदार बाई फार कडक आहेत.