लॉसन टामाच्या टेकडीवरून

२०१२च्या जून महिन्यात मी होनियाराला निघालो, तेव्हा ब्रिस्बेनमधल्या माझ्या कचेरीतल्या बहुतेकांची समजूत अशी झाली होती की, मी बुडालेली जहाजे पाहायला चाललो आहे. त्यांचे चुकत नव्हते. सॉलोमन बेटांच्या या राजधानीसमोर, समुद्राच्या तळाशी, दुसऱ्या महायुद्धातल्या इतक्या युद्धनौका पडून आहेत की, त्या पट्ट्याला नावच 'लोखंडी तळाची खाडी' अशा अर्थाचे पडले आहे, आणि पाण्यात बुड्या मारून ती जहाजे पाहणारे लोक जगभरातून येथे येतात. मला पोहणे बेताचेच येते. मी निघालो होतो ओशिनिया नेशन्स कपचे, म्हणजे न्यूझीलंड आणि प्रशांत महासागरातली बेटे यांच्या फुटबॉल स्पर्धेचे, अखेरचे सामने पाहायला. कोल्हापुरात शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर बसून पाटाकडील तालीम आणि शिवाजी तरुण मंडळ या फुटबॉल संघांच्या लढती पाहत मोठा झालेला माणूस नोकरीनिमित्त कोठेही गेला तरी फुटबॉल शोधत राहतो. आणि ब्रिस्बेनहून तीन-सव्वातीन तासांच्या विमानप्रवासावर आठ संघांची स्पर्धा चालू असताना घरी बसून राहणे मला जमले नसते.

या स्पर्धेची थोडी पूर्वपीठिका सांगायला हवी, कारण आपल्याकडे तिची फारशी दखल घेतली जात नाही. १९७३ साली सुरू झालेल्या या स्पर्धेचे तोवरचे आठही विजेतेपद दोनच देशांनी वाटून घेतले होते, चार वेळा न्यूझीलंडने आणि चार वेळा ऑस्ट्रेलियाने. दुबळ्या प्रतिस्पर्ध्यांना कंटाळलेला ऑस्ट्रेलिया २००६ साली आशियाई महासंघात निघून गेला. त्याच्या कंटाळ्याचे मोजमाप करायचे झाले तर २००१ साली त्याने विश्वचषकाच्या पात्रता फेरीत अमेरिकन सामोआवर ३१ गोल चढवले होते, हे आठवावे. त्यानंतर प्रशांत महासागरातल्या बेटांसमोर एकटा न्यूझीलंड उरला. २०१२ची स्पर्धा मुळात फिजीमध्ये व्हायची होती, पण तेथील एका कायदेशीर वादामुळे ती सॉलोमन बेटांकडे आली. शिवाय उपांत्य फेरीत पोहोचणारे चार संघ २०१४च्या विश्वचषकाच्या पात्रतेच्या पुढच्या टप्प्यात जाणार होते आणि विजेत्याला पुढच्या वर्षी ब्राझीलमध्ये कॉन्फेडरेशन्स कप, म्हणजे खंडोखंडीच्या विजेत्यांची स्पर्धा, खेळायला मिळणार होता, म्हणजे पणाला लागलेले काही थोडेथोडके नव्हते.

मी ५ जूनला उतरलो. होनियाराचा विमानतळ म्हणजे १९४२ साली ज्या धावपट्टीसाठी जपानी आणि अमेरिकन सैन्य सहा महिने झुंजले तेच हेंडरसन फील्ड. शहरही त्या युद्धाचेच अपत्य आहे. अमेरिकन तळाच्या जागेवर ते वाढले आणि पुढे राजधानी झाले. समुद्राला समांतर जाणारा एक मुख्य रस्ता, त्याच्या एका अंगाला बंदर आणि बाजार, दुसऱ्या अंगाला लगेच चढत जाणाऱ्या टेकड्या, एवढाच त्याचा विस्तार. माझ्या टॅक्सीवाल्याने पहिला प्रश्न इंग्रजीतून घडलेल्या इथल्या पिजिन भाषेत विचारला, ''यू ब्लोंग वेआ?'' तू कोठला? मी इंडिया म्हणालो. फुटबॉल पाहायला आलो आहे असे सांगताच मात्र त्याने आरशातून माझ्याकडे नीट पाहिले, आणि पुढचा सगळा रस्ता तो कॉमिन्स मेनापीबद्दल बोलत राहिला. २००४ साली ॲडलेडमध्ये सॉलोमन बेटांनी ऑस्ट्रेलियाला २-२ असे बरोबरीत रोखले होते, दोन्ही गोल मेनापीचे होते आणि त्या बरोबरीने न्यूझीलंडचा अंतिम फेरीचा रस्ता बंद झाला होता. आठ वर्षांपूर्वीचे ते दोन गोल टॅक्सीवाला काल संध्याकाळी पाहिल्यासारखे सांगत होता. गाडीच्या खिडकीतून तो मधून मधून लाल पिंक टाकत होता, त्यामुळे मला उगाचच घरी आल्यासारखे वाटले. सुपारी येथेही खातात. फक्त ती कोवळी, हिरवी असते, तिच्याबरोबर पानवेलीचे पान किंवा फळ चघळतात आणि चुना प्रवाळ भाजून केलेला असतो. मी एकदा खाऊन पाहिली. डोके गरगरले, घाम फुटला, आणि विकणारी बाई तिच्या शेजारणीला काहीतरी सांगून बराच वेळ हसत होती.

लॉसन टामा हे मैदान शहराच्या मुख्य रुग्णालयासमोर, रस्त्यापलीकडे आहे. रुग्णालयाला आजही लोक 'नंबर नाइन' म्हणतात, कारण युद्धात तेथे अमेरिकन लष्कराचे त्या क्रमांकाचे इस्पितळ होते. मैदानाची एक बाजू टेकडीच आहे. तेथे खुर्च्या नाहीत. गवताच्या उतारावर जागा धरायची, छत्री उघडायची आणि बसायचे. ६ जूनला न्यूझीलंडविरुद्धचा साखळी सामना होता आणि मी दोन तास आधी पोहोचलो, तरी मधल्या उतारावर पाय ठेवायला जागा नव्हती. निळा-हिरवा झेंडा, त्यावरची पिवळी तिरपी पट्टी आणि पाच पांढरे तारे जिकडेतिकडे दिसत होते. काहींनी ते गालांवरही रंगवले होते. यजमान संघाला 'बोनिटो' म्हणतात. बोनिटो म्हणजे आपल्याकडच्या कुप्याच्या भावकीतला, थव्याने फिरणारा चपळ मासा, आणि संघ खेळतोही तसाच, छोटे छोटे पास देत, धावत, कधीकधी सगळेच एका बाजूला जाऊन. न्यूझीलंडने क्रिस वूडच्या गोलने आघाडी घेतली. हा तोच संघ होता, जो दोन वर्षांपूर्वी दक्षिण आफ्रिकेतल्या विश्वचषकातून एकही सामना न हरता परतला होता. इटलीलाही त्याने १-१ असे रोखले होते. उत्तरार्धात बेंजामिन टोटोरीने बरोबरी साधली, तेव्हा माझ्या वरच्या उतारावरून दोन छत्र्या, एक नारळ आणि एक लहान मुलगा असे सगळे घरंगळत खाली आले. मुलाला कोणीतरी झेलले, नारळाचा पत्ता लागला नाही. सामना १-१ असा संपला आणि दोन्ही संघ उपांत्य फेरीत गेले.

त्या टेकडीवर बसून मला जे उमगत गेले त्याचे नाव तेथल्या भाषेत 'वांटोक' असे आहे. एक बोली बोलणारे ते एकमेकांचे वांटोक. या देशात नऊशेहून अधिक बेटे आहेत, साठहून अधिक भाषा आहेत आणि २००९च्या जनगणनेनुसार माणसे अवघी ५ लाख १६ हजारांच्या आसपास, म्हणजे एकट्या कोल्हापूर शहरापेक्षाही कमी. वांटोक दारात आला की त्याला जेवू घालायचे, झोपायला जागा द्यायची, जमले तर नोकरीलाही लावायचे. आपल्या भावकीसारखाच हा प्रकार आहे, तिच्यातल्या मायेसकट आणि कटकटींसकट. त्यामुळे येथे राष्ट्रीय संघ ही दूरची, दूरदर्शनच्या पडद्यावरची गोष्ट उरत नाही. माझ्या शेजारी बसलेल्या एका शिक्षकांनी मैदानावरच्या खेळाडूंपैकी कोण कोणत्या बेटाचा, कोणाची मावशी बाजारात कोठे बसते आणि कोण लहानपणी शाळा बुडवत असे, हे मला क्रमवार सांगितले. त्यातले किती खरे होते हे मला ठाऊक नाही; पण आपल्या देशाच्या संघाबद्दल असे बोलता येणे ही चैन आपल्याला परवडत नाही, एवढे खरे. होनियारा ज्यावर आहे त्याच ग्वाडलकनाल बेटावर १९९८ ते २००३ या काळात तिथले आणि मलाइता बेटावरचे लोक एकमेकांवर उठले होते आणि ते शमवायला आलेल्या प्रादेशिक मोहिमेचे पोलीस आणि सैनिक, ज्यांत न्यूझीलंडचेही होते, तेव्हा अजून शहरात दिसत असत. दोन्हीकडची माणसे टेकडीवर सरमिसळ बसलेली होती की आपापल्या कोपऱ्यात, हे मी विचारले नाही. पाहुण्याने प्रत्येक प्रश्न विचारलाच पाहिजे असे नाही.

८ जूनच्या उपांत्य सामन्यांत समोर ताहिती आला. ताहितीबद्दल टेकडीवर आधीपासूनच कुजबुज होती, कारण १ जूनला त्यांनी सामोआला १०-१ असे हरवले होते आणि त्या दहांपैकी नऊ गोल एकाच घराण्याचे होते. लोरेंझो तेहाऊचे चार, त्याचा जुळा भाऊ ॲल्विनचे दोन, तिसरा भाऊ जोनाथनचे दोन आणि चुलतभाऊ तेआओनुईचा एक. वांटोकचे राज्य असलेल्या देशातल्या लोकांनाही हे जरा जास्तच वाटले होते. यजमानांविरुद्ध जोनाथनने सुरुवातीलाच गोल केला आणि नंतर उरलेला सगळा वेळ टेकडी ओरडत राहिली, बोनिटो धावत राहिले, पण चेंडू काही जाळ्यात गेला नाही. ०-१. टेकडी उतरताना कोणी कोणाशी बोलत नव्हते. मला पेठेतला संघ हरल्यावरची शिवाजी पेठ आठवली, फरक एवढाच की येथे कोणी कोणाच्या अंगावर गेले नाही.

त्याच दिवशी न्यू कॅलेडोनियाने न्यूझीलंडला २-० असे हरवले. बर्ट्रांड काई आणि जॉर्ज गोपे-फेनेपे यांनी गोल केले. न्यूझीलंडचे बहुतेक खेळाडू तिथल्या हिवाळ्याची सवय असलेले होते आणि होनियाराच्या त्या दमट दुपारीत त्यांचे पाय जड होत गेलेले टेकडीवरूनही दिसत होते, परंतु केवळ उकाड्यावर बोट ठेवणे न्यू कॅलेडोनियावर अन्याय करणारे ठरेल. त्यांचा मधल्या फळीतला खेळ स्पर्धेतला सर्वांत देखणा होता. त्यांच्या जाक हाएकोने स्पर्धेत सर्वाधिक, सहा गोल केले. ज्या बेटांनी १९९८च्या विश्वविजेत्या फ्रान्सला क्रिस्तियाँ कारांबूसारखा खेळाडू दिला, त्या बेटांना स्वतःच्या नावाने फिफाचे सदस्यत्व २००४ साली मिळाले. आणि येथे एक गंमत लक्षात घेण्यासारखी आहे. अंतिम फेरीत पोहोचलेले ताहिती आणि न्यू कॅलेडोनिया हे दोन्ही 'राष्ट्रीय' संघ ज्या भूमींचे, त्या सार्वभौम राष्ट्रे नाहीतच. दोन्ही फ्रान्सच्या ताब्यातले प्रदेश आहेत आणि खेळाडूंच्या खिशात फ्रेंच पासपोर्ट असतो. म्हणजे ओशिनियाचे पहिले नवे विजेतेपद पॅरिसहून सुमारे पंधरा हजार किलोमीटरवर, फ्रेंचमध्ये एकमेकांना हाका मारणाऱ्या दोन संघांत ठरणार होते.

१० जूनला आधी तिसऱ्या क्रमांकाचा सामना होता. असले सामने सहसा कोणी मनावर घेत नाही, पण मी त्या आठवड्यात पाहिलेला सर्वांत चांगला सामना हाच. अर्ध्या तासात क्रिस वूडने तीन गोल केले आणि माझ्या शेजारच्या शिक्षकांनी डबा उघडून भाजलेला मासा आणि रताळी खायला काढली, जणू आता पाहण्यासारखे काही उरले नाही. मध्यांतरानंतर बोनिटोंनी एक, दोन, तीन असे सगळे गोल फेडले. टेकडी वेडी झाली. रताळी माझ्या मांडीवर आली. आणि मग अगदी शेवटी शेन स्मेल्ट्झने न्यूझीलंडसाठी चौथा गोल केला. ४-३. शिक्षकांनी डब्याचे झाकण लावले आणि म्हणाले की, २००४च्या गोष्टी सांगून आम्ही म्हातारे होणार होतो, आता निदान मुलांना सांगायला दुसरे काहीतरी आहे. हरलेल्या सामन्याबद्दल ते असे का म्हणतात, हे मला तेव्हा लगेच कळले नाही.

अंतिम सामना तुलनेने साधा झाला. दहाव्या मिनिटाला स्टीव्ही चाँग ह्यूने ताहितीचा गोल केला आणि नंतर कर्णधार निकोला व्हालारच्या बचावफळीने तो ऐंशी मिनिटे सांभाळला. माझ्या आजूबाजूचे लोक न्यू कॅलेडोनियाच्या बाजूचे होते, कारण ते मेलानेशियन, म्हणजे नात्याने जवळचे, आणि ताहितीचे लोक पॉलिनेशियन; पण शेवटची शिट्टी वाजल्यावर टेकडीने उभे राहून टाळ्या वाजवल्या, त्या विजेत्यांसाठी. प्रशिक्षक एडी एताएता यांच्या या संघात हौशी खेळाडूंचाच भरणा होता. आठवडाभर कामावर जाणारी ही माणसे आता ब्राझीलमध्ये विश्वविजेत्या स्पेनशी खेळणार होती. दुसऱ्या दिवशी विमानतळावर सोडताना टॅक्सीवाल्याने हिशेब करून सांगितले की, ताहिती संघाच्या बसमधले अर्धे लोक तेहाऊच असतील. मी त्याला ''तागिओ तुमास'' म्हणून निरोप घेतला. आठवड्यात मला नीट बोलता येऊ लागलेले पिजिन एवढेच.

पुढच्या वर्षी, १८ जून २०१३ला, ब्रिस्बेनमध्ये मी पहाटे पाच वाजता दूरदर्शनसमोर बसलो. ब्राझीलमध्ये तेव्हा आदल्या दिवशीची दुपार होती. बेलो होरिझोंतेत आफ्रिकेचा विजेता नायजेरिया मध्यंतरापर्यंत ताहितीच्या तीन गोल पुढे होता. दुसऱ्या अर्धात एक कॉर्नर आला, गर्दीतून एक डोके उंचावले आणि चेंडू जाळ्यात गेला. जोनाथन तेहाऊ. ब्राझीलचे प्रेक्षक स्वतःच्या देशाने गोल केल्यासारखे ओरडले, आणि ताहितीचे खेळाडू गवतावर एकामागे एक बसून होडी वल्हवू लागले. मी इतक्या जोरात ओरडलो की, बायको आणि मुलगी दोघी उठून बाहेर आल्या, आणि मला त्यांना हे लोक कोण, ते काय करत आहेत आणि मला का रडू येत आहे, हे सगळे समजावून सांगावे लागले. थोड्या वेळाने त्याच जोनाथनकडून चेंडू स्वतःच्याच जाळ्यात गेला आणि ताहिती ६-१ असे हरले, पण तोवर त्या दोघी पुन्हा झोपायला गेल्या होत्या.