फिलिप बेटाची जास्वंद: अखेर एक कळी टिकली

उमललं एकदाचं! हिरवट-पिवळ्या पाकळ्या, पोटात गर्द जांभळट-लाल ठिपका, आणि फूल जुनं होत गेलं तशी पाकळ्यांवर गुलाबी झाक चढत गेली. हिबिस्कस इन्सुलारिसचं, म्हणजे या फिलिप बेटाच्या जास्वंदीचं, फूल आपल्या कुंडीत बघायला मिळणं हे मोठंच सुख आहे. प्रशांत महासागरातल्या ऑस्ट्रेलियाच्या नॉरफोक बेटाच्या दक्षिणेला सहा किलोमीटरवरच्या त्या उघड्याबोडक्या फिलिप बेटावर शेळ्या, डुकरं आणि सशांनी बाकी जवळजवळ सगळं फस्त केलं, तेव्हा हिचे दोनच झुबके तग धरून होते. 1988 पर्यंत ससे संपवले, म्हणून बेट पुन्हा हिरवं होतंय.

आता कळीगळ. खत आणि पाणी बदलूनही कळ्या पिवळ्या पडून गळतच होत्या. शेवटी खाली पडलेली एक कळी नखाने उभी चिरली. आत जेमतेम तीन मिलिमीटरचे काळे भुंगेरे आणि परागात वळवळणाऱ्या पांढुरक्या अळ्या! जास्वंदीवरचा फुलभुंगेरा. ब्रिस्बेनच्या उकाड्यात याचं फावतं. अळी कळीसकट खाली येते आणि मातीत कोष करते, त्यामुळे गळलेली कळी कुंडीत राहिली की पुढची पिढी तयार.

नर्सरीवाल्याने मुळाशी घालायचं कीटकनाशक हातात ठेवलं होतं. मला ते साफ नामंजूर. या फुलांवर इथल्या बिनडंखाच्या मधमाश्या येतात. त्याऐवजी गळलेल्या कळ्या रोज संध्याकाळी वेचून पिशवीत बंद करते, आणि कुंडीशेजारी पांढऱ्या डब्यात भांडी घासायच्या साबणाचं पाणी ठेवते. पांढऱ्या रंगाकडे भुंगेरे ओढले जातात. सकाळी डब्यात काळे ठिपके तरंगत असतात. महागड्या चिकट सापळ्यांपेक्षा हा डबा सरस.

पुढचं काम ठरलं होतं ते लाल जास्वंदीशी संकर करण्याचं. पण हे लिहितानाच विचार बदलला. मूळची झाडं इतकी थोडी असताना पहिले पराग भेसळीला कशाला घालवायचे? आधी छाट कलमं. तीही वरच्या, मोठ्या पानांच्या फांद्यांची. खालच्या बारीक, कातरलेल्या पानांच्या फांद्यांना मुळं पटकन फुटतात, पण माझी तशी रोपं अजून बालरूपातच अडकून आहेत, कळीचं नाव नाही. पर्लाइट (हलके पांढरे खनिज दाणे) जास्त, कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) कमी असं मिश्रण भिजवून ठेवलंय. वरच्या फांद्यांना कुणी मुळं फुटायची हार्मोन पावडर लावून पाहिली असेल तर प्रमाण कळवा, रविवारी कात्री लावणार आहे.