स्क्रीनशॉटमध्ये नसलेली रेघ

तिसऱ्यांदा तोच रिपोर्ट आला, तेव्हाही मी त्यावर ‘रिप्रो होत नाही’, म्हणजे बग पुन्हा घडवून बघता येत नाही, असा शेरा मारला आणि तो बंद केला. बिल्ड, म्हणजे गेमची तयार आवृत्ती, तपासणीला पाठवायला एक दिवस उरला होता. माझ्यापुढे साठेक बग उघडे पडले होते आणि त्यांतले दोन तर चालू गेम बंद पाडणारे होते. अशा वेळी ‘पावसाच्या प्रसंगात पडद्यावरून आडवी रेघ सरकते’ या तक्रारीला किती वेळ द्यायचा? त्यातून सोबत जोडलेल्या तिन्ही स्क्रीनशॉटमध्ये रेघेचा मागमूस नव्हता. पाऊस होता, ओलं अंगण होतं, दिव्यांचे खांब होते. सगळं जागच्या जागी.

गेम टेस्टिंगमध्ये स्क्रीनशॉट म्हणजे पुरावा. बग शब्दांत कितीही नेमका मांडा, प्रोग्रामर आधी चित्रच बघतो. पात्राचा हात भिंतीतून आरपार गेलाय, जमिनीचा तुकडा गायब आहे, संवादाची ओळ चौकटीबाहेर पडलीय, असं चित्र समोर ठेवलं की वाद मिटतो. आमच्या टेस्ट बिल्डमध्ये प्रत्येक चित्राच्या वरच्या कोपऱ्यात बिल्डचा क्रमांक, नकाशावरची जागा आणि त्या क्षणाचा फ्रेम रेट (सेकंदाला किती चित्रं, म्हणजे फ्रेम, तयार होतात तो आकडा) उमटतो. त्यामुळे चित्र हाती आलं की तो क्षण पुन्हा उभा करता येतो. नव्यानं येणाऱ्या प्रत्येकाला मी पहिल्याच दिवशी सांगत असे: चित्र नाही, तर बग नाही.

रेघेचा रिपोर्ट पाठवणाऱ्या मुलीलाही मी तेच सांगितलं होतं. तिला रुजू होऊन तीन आठवडे झाले होते.

स्क्रीनशॉट फसवू शकतो हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. उलट त्यातल्या खोड्या सांभाळण्यातच माझी बरीच वर्षं गेली आहेत. पूर्वी गेम पूर्ण पडदा व्यापून चालत असताना प्रिंट स्क्रीनचं बटण दाबलं की अनेकदा निव्वळ काळं चित्र हाती यायचं. (त्या बटणाचं नाव अगदी खरं आहे. डॉसच्या काळात ते दाबलं की पडद्यावरचा मजकूर थेट प्रिंटरवर कागदावर उतरायचा.) स्टीम या गेम विकणाऱ्या आणि चालवणाऱ्या सेवेवर एफ१२ दाबून घेतलेलं चित्र मुळात जेपेग, म्हणजे आकार कमी करायला दाबलेली फाइल, असतं. त्यात बारीक लाल अक्षरांच्या कडा विस्कटतात, म्हणून मूळ चित्राची न दाबलेली प्रतही साठव, असा पर्याय सेटिंगमध्ये जाऊन चालू करावा लागतो. २०१७ मध्ये आलेल्या निन्टेन्डो स्विचवर चित्र टिपायला वेगळं चौकोनी बटण आहे, पण टीव्हीला जोडून १०८० ओळींत खेळत असलात तरी साठतं ते १२८० बाय ७२० चंच चित्र. आणि एचडीआरचा, म्हणजे जास्त उजेड दाखवणाऱ्या चित्रांचा, घोळ तर कायमचाच. पडद्यावर सूर्यास्त डोळ्यांचं पारणं फेडत असतो आणि साध्या पीएनजीत तो पांढरा फटक पडतो, कारण त्या फाइलमध्ये तेवढ्या उजेडाला जागाच नसते. विंडोजचा गेम बार अशा वेळी पीएनजीबरोबर जेएक्सआर नावाची वेगळी फाइल ठेवतो ती त्यासाठीच.

या सगळ्यांत एक गोष्ट समान आहे. पडद्यावर चित्र चांगलं असतं आणि स्क्रीनशॉटमध्ये ते बिघडतं. वर्षानुवर्षं माझा अनुभव याच दिशेचा. पडद्यावर बिघडलेलं काही स्क्रीनशॉटमध्ये नीट होऊन येईल, हे माझ्या मनातही आलं नव्हतं.

दुपारी ती माझ्या टेबलापाशी येऊन उभी राहिली.

“मॅडम, दोन मिनिटं येता का? नुसतं बघून जा.”

“अगं, तुझ्या तिन्ही चित्रांत काहीच नाहीये.”

“चित्रात ती येतच नाही. म्हणून तर म्हणते, या.”

तिच्या आवाजात तक्रार नव्हती, पण ती जागची हललीही नाही. मी उठले.

तिनं पावसाचा प्रसंग लावला. अंगणात ओळीनं उभे खांब, खाली डबकी, डबक्यांत दिव्यांची प्रतिबिंबं. तिनं गेममधला कॅमेरा सावकाश उजवीकडे वळवायला सुरुवात केली आणि मला ते दिसलं. एक खांब मधेच तुटला होता. वरचा भाग किंचित पुढे सरकलेला, खालचा मागे राहिलेला, जणू कुणी कात्रीनं आडवा छेद देऊन दोन तुकडे बोटभर इकडेतिकडे केले होते. छेद पडद्याच्या वरच्या कडेपाशी सुरू व्हायचा आणि अर्ध्या सेकंदात पार खाली उतरून नाहीसा व्हायचा. थोड्या वेळानं पुन्हा वरून यायचा. एकदा दिसल्यावर तो न दिसणं अशक्य झालं.

मी तिच्या हातून कीबोर्ड घेतला आणि रेघ मध्यावर आली असताना एफ१२ दाबलं. चित्र उघडलं. खांब अखंड. दहा वेळा दाबलं. दहाही चित्रांत खांब सरळ उभा, वरपासून खालपर्यंत एकसंध.

माझ्या कानशिलांना गरम वाफ लागल्यासारखं झालं. या प्रकाराला काय म्हणतात ते मला माहीत होतं, आणि तो स्क्रीनशॉटमध्ये का सापडत नाही हेही त्या क्षणी कळलं. नाव साधंच आहे, टेअरिंग. ग्राफिक्स कार्ड पूर्ण फ्रेम रंगवून मेमरीत तयार ठेवतं. मॉनिटर ती एकदम दाखवत नाही. वरच्या ओळीपासून खालच्या ओळीपर्यंत तो ती वाचत जातो, आणि ६० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ६० वेळा रिफ्रेश होणाऱ्या, मॉनिटरला या वाचनाला जवळजवळ १६.७ मिलिसेकंद लागतात. वाचन अर्ध्यात असताना कार्डानं जुनी फ्रेम काढून नवी ठेवली, तर वरचा भाग जुन्या फ्रेमचा आणि खालचा नव्या फ्रेमचा दिसतो. कॅमेरा वळत असला की या दोन्हींत खांबाची जागा वेगळी असते, म्हणून खांब तुटतो. स्क्रीनशॉट मात्र मॉनिटरपर्यंत जातच नाही. तो मेमरीतली फ्रेम उचलतो, आणि मेमरीतली प्रत्येक फ्रेम अखंडच असते. हजार स्क्रीनशॉट घेतले असते तरी ती रेघ एकातही सापडली नसती. जे चित्र मी तिच्याकडे तीन वेळा मागितलं, ते त्या बटणातून निघणं शक्यच नव्हतं.

मग प्रश्न उरला की आम्हां बाकीच्यांना हे का दिसलं नाही. मी माझ्या मशीनवर तोच प्रसंग लावला, तोच कॅमेरा फिरवला. काही नाही. शेजारच्या दोघांकडे लावला, तिथेही काही नाही. फरक मॉनिटरचा होता. आमचे तिघांचे मॉनिटर फ्रेम तयार होईपर्यंत थांबणारे, बदलत्या रिफ्रेश रेटचे. जी-सिंक हे त्यासाठीचं तंत्र २०१३ मध्ये जाहीर झाल्यापासून असे मॉनिटर हळूहळू सगळीकडे आले आणि टेअरिंग आमच्या नजरेआड गेलं. नव्या माणसाला आम्ही कोपऱ्यातला जुना, ठरावीक ६० हर्ट्झचा मॉनिटर दिला होता. खेळणाऱ्यांतल्या कितीतरी जणांकडे तसाच असणार. म्हणजे आख्ख्या टीममध्ये अशा खेळाडूच्या नजरेनं गेम बघणारी ती एकटीच होती, आणि तिचाच रिपोर्ट मी बंद करत होते.

प्रोग्रामरला बोलावण्याआधी पुरावा हवा होता. ही सवय सुटत नाही, आणि सुटूही नये. पण आता चित्र पडद्याच्या बाहेरून घ्यायला हवं होतं.

आधी फोननं साधा फोटो काढला. त्यात खांब तुटलेला दिसण्याऐवजी पुसट, दुहेरी आला. कॅमेऱ्याचं शटर जेवढा वेळ उघडं राहिलं तेवढ्यात मॉनिटरनं एकाहून जास्त फ्रेम दाखवल्या होत्या आणि त्या एकमेकींवर छापल्या गेल्या. मग तिनं सुचवलं, “स्लो मोशनमध्ये घेऊ या का?” तिनं कॅमेरा वळवत ठेवला, मी फोन दोन्ही हातांनी टेबलाला टेकवून धरला आणि सेकंदाला २४० फ्रेमनं चित्रण केलं.

ते आम्ही दोघींनी एकेक फ्रेम पुढे सरकवत पाहिलं. २४० म्हणजे मॉनिटरच्या एका रिफ्रेशचे चार टप्पे. नवं चित्र पडद्यावर वरून खाली उतरत जाताना दिसत होतं. आणि पुढे एका टप्प्यावर खांबाचा माथा एकीकडे, बुंधा दुसरीकडे, मध्ये सरळ आडवी कड. इतकी वर्षं गेमची चित्रं टिपत आले, पण मॉनिटर चित्र उतरवतो कसा हे मी याआधी असं पाहिलं नव्हतं. आम्ही तो तुकडा गरज नसताना तीन-चारदा पुन्हा पाहिला.

पक्क्या पुराव्यासाठी मग कॅप्चर कार्ड आणलं. ते एचडीएमआयच्या तारेतून मॉनिटरकडे निघालेला सिग्नलच पकडतं, त्यामुळे मॉनिटरला जे मिळतं तेच त्याला मिळतं, छेदासकट. दुसऱ्या मशीनवर रेकॉर्डिंग करून त्यातून एक फ्रेम पीएनजी म्हणून काढली. वरून साधारण एक तृतीयांशावर कापलेला खांब, स्वच्छ आणि निर्विवाद. ते चित्र तिच्या पहिल्या रिपोर्टला जोडलं आणि तो पुन्हा उघडला.

प्रोग्रामरनं चित्र बघितलं आणि विचारलं, “या वेळी फ्रेम रेट किती होता?”

मी तिचे जुने तीन स्क्रीनशॉट उघडले. कोपऱ्यात आकडा होता, ५८. दुसऱ्यात ५८. तिसऱ्यात ५७. आमचं लक्ष्य ६० चं. रेघ शोधण्याच्या नादात मी त्या कोपऱ्याकडे पाहिलंच नव्हतं. रेघ दाखवणं त्या चित्रांच्या आवाक्यात नव्हतं, पण रेघ कुठून येते हे ती सकाळपासून सांगत होती. हे मला त्या दिवसात सगळ्यांत जास्त लागलं.

कारण उलगडायला मग वेळ लागला नाही. आमच्या गेममध्ये व्ही-सिंक (फ्रेम बदलण्याची वेळ मॉनिटरच्या वाचनाशी जुळवणारी सोय) ‘अ‍ॅडॅप्टिव्ह’ ठेवलं होतं. फ्रेम वेळेत तयार असली तर मॉनिटरचं वाचन संपेपर्यंत थांबायचं, उशीर झाला तर न थांबता लगेच बदलायची. गेम अडखळू नये म्हणून विचारपूर्वक केलेली निवड होती ती, आणि मी अजूनही तिला चूक म्हणणार नाही. पण पावसाच्या प्रसंगात डबक्यांतल्या प्रतिबिंबांमुळे फ्रेमला १६.७ च्या जागी १७.२ मिलिसेकंद लागत होते. उशीर अर्ध्या मिलिसेकंदाचा, म्हणजे पडद्याच्या उंचीच्या साधारण तीन टक्के. दर फ्रेमला छेद तेवढा खाली सरकायचा, आणि म्हणून तेहतीसेक फ्रेममध्ये, जवळजवळ अर्ध्या सेकंदात, तो वरून खालपर्यंत उतरायचा. तिनं पहिल्या रिपोर्टमध्ये लिहिलं होतं: ‘रेघ वरून सुरू होते, खाली जाते, अर्धा सेकंद.’ घड्याळाशिवाय, नुसत्या डोळ्यांनी केलेलं इतकं अचूक वर्णन मी क्वचित वाचलं आहे.

डबक्यांतली प्रतिबिंबं निम्म्या रिझोल्यूशनवर आणली. पाण्यावर पाऊस पडत असताना तो फरक कुणाच्या लक्षातही येत नाही. फ्रेमचा वेळ १५ मिलिसेकंदांच्या आसपास उतरला. शिवाय पहिल्यांदा गेम सुरू करताना पूर्ण व्ही-सिंक चालू राहील असं केलं. अ‍ॅडॅप्टिव्ह हवं असेल त्यानं सेटिंगमध्ये जाऊन निवडावं. रात्री उशिरा नवा बिल्ड तयार झाला.

निघण्याआधी मी तिन्ही रिपोर्टांवरचे माझे शेरे खोडून खाली लिहिलं: ‘तक्रार बरोबर होती. बंद करण्याचा निर्णय माझा होता आणि तो चुकीचा होता.’ रिपोर्ट लिहिण्याच्या आमच्या नमुन्यातही एक रकाना वाढवला, ‘कोणत्या मॉनिटरवर दिसलं?’ आणि स्क्रीनशॉटशेजारी दुसरा, ‘पडद्याचं बाहेरून केलेलं चित्रण’. तिला म्हटलं, “उद्या सकाळी आधी तुझ्या मॉनिटरवर बघू.”

सकाळी मी पोचले तेव्हा तिनं प्रसंग लावून ठेवला होता. कॅमेरा उजवीकडे, डावीकडे, जलद, सावकाश. खांब एकामागून एक पडद्यावरून सरकत गेले, सगळे अखंड.

“नाही दिसत आता,” ती म्हणाली.

मलाही दिसत नव्हती. कोपऱ्यातला आकडा ६० वर होता. तरी मी फोन काढला, टेबलाला टेकवून धरला आणि तिला म्हटलं, “एकदा पुन्हा वळव.”